डाव्या पायातलं जोडवं

॥ श्री सिद्धरामेश्वर प्रसन्न ॥

सोलापूर, ४ फेब्रुवारी १९७४

चि. चंद्रा हिस रत्नम्माचे आशीर्वाद.

वर ‘सौ.’ लिहावं की नाही, यात माझा एक कागद फुकट गेला. सोडचिठ्ठी झाल्यावर सुनेला काय लिहितात ते मला ठाऊक नाही. आमच्या घरात असं कधी झालं नव्हतं. म्हणून नुसतं चि. लिहिलं आहे. राग आला तर येऊ दे, इथून मला दिसणार नाही.

पत्र लिहायचं कारण एवढंच, की नीलूचे दोन फ्रॉक आणि लाल लोकरीची टोपी ट्रंकेत राहिली होती. आपल्या कामवाल्या राजाबाईचा भाऊ तुमच्या हन्नूरच्या बाजाराला येतो, त्याच्या हाती पाठवली आहेत. फ्रॉक आता आखूड होतील. तीन वर्षांची झाली ना गेल्या महिन्यात? फिटेच्या गोळ्या वेळेवर देत जा. तुझ्या आईला गंडेदोरे फार, त्या नादात गोळी चुकवू नकोस.

इकडे सर्व ठीक. तुझे मामंजी दुकानात, शिवा दुकानात. सुमा बार्शीहून पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली आहे. गड्ड्याच्या जत्रेत गर्दीत माझ्या डाव्या पायावर कुणाचा तरी बूट पडला. पाय चिघळला म्हणून मोठ्या दवाखान्यात जाऊन आले. विशेष काही नाही. तिथला डॉक्टर मात्र नको त्या चौकशा करतो.

एक विचारायचं होतं. नीलूच्या पाठीवर ते पांढरे डाग होते, ते वाढले का? गोल आहेत की लिंबाच्या पानासारखे लांबट? सहज विचारते.

उत्तर घरी किंवा दुकानावर पाठवू नकोस. राजाबाईच्या पत्त्यावर पाठव. तो खाली लिहिला आहे.

रत्नम्मा


सोलापूर, २५ फेब्रुवारी १९७४

चि. चंद्रा,

उत्तर नाही. येईल असं वाटलंही नव्हतं. तू हट्टी आहेस. माझ्याच घरात राहून झालीस की येतानाच होतीस, देव जाणे.

मागच्या पत्रात मी ‘सहज विचारते’ असं लिहिलं. सहज काही नव्हतं. सांगते. पण हे पत्र आधी एकटीनं वाच.

चार वर्षं तू माझ्या घरात होतीस. माझे पाय चेपलेस, पण डावा पाय मी तुझ्या हाती कधी दिला नाही. संधिवात आहे म्हणायची. संधिवात नव्हता. त्या पायाच्या अंगठ्याला आणि शेजारच्या दोन बोटांना नखाच्या मुळातून मांसाचे बारीक कोंब निघालेले आहेत. भिजवलेल्या मटकीला मोड येतात तसे. दुखत नाहीत, खुपत नाहीत, नखावर आडवे पडून राहतात. तेराव्या-चौदाव्या वर्षी आले. माझ्या वडलांनाही होते. ते शाळामास्तर, भर उन्हाळ्यात वर्गात पायमोजे घालून शिकवायचे. आमच्या माहेरी त्याला ‘कोंब’ म्हणायचे आणि त्यावर बोलायचे नाहीत.

त्यातलाच एक कोंब बुटाखाली चेचला. तुझे मामंजी म्हणाले, “दवाखाना कशाला? हळद लाव की.” हळद लावून पाय भोपळा झाला तेव्हा गेले.

डॉक्टर तरुण आहे, कातडीच्या रोगांचा. त्यानं पाय मांडीवर घेतला, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग त्यानं माझं तोंड पाहिलं. नाकाच्या दोन्ही बाजूंना माझ्या त्या बारीक लालसर पुळ्या आहेत ना, त्या पाहिल्या. आणि एकदम विचारलं, “आई, घरात कुणाला फिट येते का?”

मी म्हटलं, नाही.

“लहान मुलांत? नातवंडांत?”

मी म्हटलं, नाही. दोनदा नाही म्हटलं चंद्रा.

पट्टी बांधून घरी आले. चार दिवस भाकरी गोड लागली नाही. पायाचा फिटेशी संबंध काय? पाचव्या दिवशी पुन्हा गेले आणि नीलूचं सांगितलं. त्यानं मुलाला आणा म्हटलं. शिवाला मी तोंडावरच्या मुरुमांचं औषध घेऊ म्हणून फसवून नेलं. अंधाऱ्या खोलीत उभं करून डॉक्टरनं त्याच्या उघड्या पाठीवर निळा दिवा धरला. शिवाच्या पाठीवर ती शिबं आहेत म्हणून मी लहानपणापासून त्याला गंधक चोळत आले. त्या दिव्यात ती शिबं पांढरीफटक उठून दिसली. लांबट, टोकदार. लिंबाची पानं चिकटवावीत तशी.

शिवाला बाहेर बसवून डॉक्टर माझ्याशी बोलला. कोंब साधे आहेत, त्यानं माणूस मरत नाही म्हणाला. पण ते एका मोठ्या दुखण्याची खूण आहेत, आणि ते दुखणं रक्तातून उतरतं. आईकडून नाहीतर बापाकडून. पोटच्या मुलांत निम्म्यांना येतं, निम्म्यांना येत नाही. कुणाचं नखाच्या कोंबावर भागतं, कुणाच्या मेंदूत गाठी होतात आणि फिट येते. कुणाच्या वाट्याला किती, ते कुणाच्या हातात नाही. नाव मी चिठ्ठीवर लिहून घेतलं. ट्यूबरस स्क्लेरोसिस. औषध नाही. फिटेच्या गोळ्या द्यायच्या, बस.

मी विचारलं, “सुनेकडून आलं असेल का?” बघ, त्या वेळीही मी हेच विचारलं.

तो म्हणाला, “आई, तुमच्या पायावर लिहिलेलं आहे. सुनेला कशाला विचारता?”

तेव्हा ऐक. नीलूची फिट तुझ्याकडून आलेली नाही. तिच्या पाठीवर कोड नाही. ते माझ्याकडून शिवाला आणि शिवाकडून तिला गेलं. गेल्या श्रावणात तुमच्या गावच्या मठात सोडचिठ्ठीसाठी बसलेल्या शंभर माणसांच्या बैठकीत मी उभी राहून म्हणाले, “कोडाची अन् फिटेची मुलगी आमच्या गळ्यात बांधली.” ते खोटं होतं.

तेव्हा मला माहीत नव्हतं. एवढं तरी मान.

आणि जोडवं. लग्नात तुझ्या डाव्या पायातलं जोडवं मी काढायला लावलं. आमच्यात डावं जोडवं देवाला देतात, ही घरची रीत आहे म्हणाले. तुझी आई रडली, एका पायात जोडवं म्हणजे अपशकुन म्हणाली. मी ऐकलं नाही. रीत-बीत काही नाही. डाव्या पायात जोडवं घातलं की कोंबावर घासतं आणि लोकांची नजर तिथं जाते, म्हणून माझ्या लग्नात वडलांनी ती रीत रचून सांगितली. एकदा सांगितलेली रीत पुढं चालवावी लागते. सून दोन्ही पायांत घालते आणि सासू एकाच पायात, असं कसं चालेल? म्हणून तुझं काढलं. ते देवाला दिलेलं नाही. माझ्या कुंकवाच्या डब्यात आहे.

हे पत्र कुणाला दाखवू नकोस. सुमाला आठवा लागला आहे. बार्शीला कळलं तर तिचं काय होईल ते तुला मी सांगायला नको.

तुझी अत्ती


सोलापूर, २० मार्च १९७४

चि. चंद्रा,

काल माढ्याहून तिघं आले होते. तुझ्या धाकट्या बहिणीला, निंगव्वाला, पाहून गेलेले. मुलाची आई, चुलता आणि एक मध्यस्थ. मुलगी पसंत आहे, पण आधीच्या सोयऱ्यांकडं चौकशी केलेली बरी म्हणून आले. तशी चौकशी सगळेच करतात.

कॉफी दिली. तुझ्या मामंजींनी पावसापाण्याचं, ज्वारीच्या भावाचं काढलं. मी निंगव्वाबद्दल एकही वाईट शब्द काढला नाही. मुलगी गुणाची आहे, कन्नड-मराठी दोन्ही लिहिते-वाचते, स्वयंपाक चांगला, हे सगळं सांगितलं. आतल्या खोलीत सुमा पडली होती, तिचे पाय सुजले आहेत.

नीलू कशी आहे?

रत्नम्मा


सोलापूर, ३ एप्रिल १९७४

चंद्रा,

निंगव्वाचं मोडलं असं राजाबाईच्या भावाकडून कळलं.

मी वाईट शब्द काढला नाही हे खरं. पण मुलाची आई शेवटी माझ्याजवळ सरकली आणि हळूच म्हणाली, “बाई, तुमी मठात बोलला होता म्हनं. त्यांच्यात ते फिटेचं, कोडाचं खरं हाय का वो?”

तोंडात होतं. ‘न्हाय, ते माझ्यातलं हाय’ एवढंच म्हणायचं होतं. चार शब्द. मी मोजलेत. आत सुमानं कूस बदलली, पलंग वाजला. आणि मी म्हणाले, “मी काय सांगू बाई? पोरीबाळी सगळ्यांनाच हायत.”

याहून वाईट उत्तर नाही हे मलाही कळतं. शिव्या दिल्या असत्या तर सासूचा राग म्हणून त्यांनी सोडून दिलं असतं. पोरीबाळी सगळ्यांना आहेत म्हटल्यावर बाईनं कॉफीचा कप खाली ठेवला आणि पदर सावरला.

आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं. ही म्हण मी कितीदा तुझ्या आईला ऐकवली असेल.

शिवासाठी दुसरी मुलगी पाहणं चाललं आहे. मी काही ना काही खोड काढून स्थळं परत पाठवते. किती दिवस पाठवणार?


सोलापूर, २२ एप्रिल १९७४

चि. चंद्रा,

सुमाला मुलगा झाला. अकरा तारखेला, सुखरूप. बार्शीहून पेढे आले.

न्हाऊ घालताना मी त्याला खिडकीशी उन्हात धरते. राजाबाई म्हणते, “बाई, लेकराला ऊन लागंल की.” पाठीवर एक. डाव्या मांडीवर दोन. तीन पानं.

सुमाला काही सांगितलेलं नाही. तिनं मला विचारलं, “अव्वा, रोज काय बघतीस?” मी म्हटलं, तीळ आहे का बघते, तीळ असलेला मुलगा नशीबवान असतो.

सव्वा महिन्यानं दोघं बार्शीला जातील.


सोलापूर, ३० मे १९७४

चि. सौ. चंद्रा,

‘सौ.’ मुद्दाम लिहिलं आहे. तुझ्याकडून ते आम्ही काढून घेतलं, ते लिहायचा हक्क कुणाला आहे, सगळा गोंधळच आहे. पण लिहावंसं वाटलं.

तुझं कार्ड आलं. दुकानावर, उघडं. मी राजाबाईचा पत्ता दिला होता, तो तू मुद्दाम टाळलास. पोस्टमननं वाचलं, दिवाणजीनं वाचलं, मामंजींनी वाचलं, मग मी. तू लिहिलंस:

“अत्ती, बंद पाकिटात कबूल करायला काय लागतं? शंभर मानसांत बोललात, शंभर मानसांत पुसा. नीलूचे डाग लिंबाच्या पानावानीच हायत. चंद्रव्वा.”

मामंजी म्हणाले, “लिंबाची पानं कसली?” मी म्हटलं, खरजेला लेप विचारला होता मी. “आन् कबूल काय केलंस?” मी म्हटलं, तिच्या आईला मी फार बोलले ते. त्यांनी चष्मा काढून माझ्याकडे पाहिलं. पस्तीस वर्षं त्यांनीही माझा डावा पाय नीट पाहिलेला नाही. त्यांना पाहायचाही नसावा.

तू म्हणतेस ते बरोबर आहे. बंद पाकिटात मी शूर आहे. आणि पाकिटातही मी सगळं लिहिलं नव्हतं.

फेब्रुवारीत मी लिहिलं होतं, तेव्हा मला माहीत नव्हतं, एवढं तरी मान. ते मानू नकोस.

माझ्या वडलांचा धाकटा भाऊ होता, शिवयोगी काका. त्याला फिट यायची. बोलायला धड येत नव्हतं, हसला की लाळ गळायची. पाहुणे आले की त्याला मागच्या खोलीत कोंडायचे आणि मला दाराशी बसवायचे, म्हणजे तो दार वाजवायला लागला की मी मोठ्यानं कविता म्हणायची. सोळाव्या वर्षी विहिरीत पडला. पाय घसरला असं सांगतात. फिट आली होती, मी काठावर होते. माझ्या लग्नाच्या आधी दोन वर्षं. सासरी आजपर्यंत कुणाला माहीत नाही.

म्हणजे मठात उभं राहून “आमच्या सात पिढ्यांत फिट नाही” म्हणताना माझ्या डोळ्यांपुढं शिवयोगी काका उभा होता. कोंबाचं आणि फिटेचं एक मूळ आहे हे मला माहीत नव्हतं, हे खरं. पण फिट माझ्या घरात आहे, हे माहीत होतं. नीलूला पहिल्यांदा फिट आली तेव्हा सगळे घाबरले, मी घाबरले नाही, तुला आठवतं? तू म्हणालीस, “अत्ती किती धीराच्या हायत.” धीर नव्हता तो. ओळख होती.

आणि ते ओळखूनच मी आधी बोलले. तू बोलायच्या आत. चोराच्या मनात चांदणं.

शंभर माणसांत पुसायला मी येईन. सुमा परवाच बार्शीला गेली आहे. थोडी थांब. दिवाळीपर्यंत थांब. एवढं कर.

तुझी अत्ती


सोलापूर, १५ जुलै १९७४

चंद्रा,

कोपरा फाडलेलं कार्ड आलं. तुझ्या भावाचं अक्षर. वर श्री नाही. नऊ तारखेला सकाळी फिट आली ती थांबलीच नाही, अक्कलकोटला नेईपर्यंत वाटेत संपलं, एवढंच आहे. तुझं नाव कुठं नाही.

असं कार्ड वाचून फाडून टाकायचं असतं, घरात ठेवायचं नसतं. मामंजी म्हणाले, “फाड ते.” मी फाडलं नाही. तुझ्या जोडव्याबरोबर डब्यात ठेवलं आहे.

सगळ्या घरात माझ्या डाव्या पायाला हात लावणारी एकच होती. रांगत यायची आणि ते कोंब दोन बोटांत धरून ओढायची. अज्जी, अज्जी म्हणून हसायची. तिला तेवढाच एक शब्द येत होता. मी तिच्या हातावर चापट मारायची. कुणी पाहील म्हणून.

मी दिवाळीपर्यंत थांब म्हणाले होते.

काय लिहू? दुसऱ्या पोरीला मिळावा तसा तिला न्याय मिळाला नाही, माया मिळाली ती तुझी. मी तिला माझं दुखणं दिलं आणि वर तुझ्या पदरात टाकून हाकलून दिलं. मला रडायला सुद्धा घरात जागा नाही. कशाला रडतेस, त्यांची मुलगी होती, म्हणतात.


सोलापूर, १९ सप्टेंबर १९७४

चि. सौ. चंद्रा,

सुमा परत आली. काल दुपारी टांग्यातून उतरली, काखेत मुलगा, हातात ट्रंक. बरोबर कुणी नाही.

पाचवा महिना लागला आणि मुलगा झोपेतून उठला की मान पुढं टाकून दोन्ही हात छातीशी ओढायला लागला, एकामागून एक दहा-बारा वेळा. बार्शीची सासू आधी कौतुकानं शेजारणींना बोलावून दाखवायची, बघा नातू देवाला कसा नमस्कार करतो. नीलू असंच करायची ना? मीही शेजारणी गोळा केल्या होत्या. तू एकटी म्हणत होतीस, “अत्ती, हे कायतरी येगळं हाय.” मी तुला अभद्र तोंडाची म्हणाले.

मग तिथल्या डॉक्टरनं फिट सांगितली. सासू काय म्हणाली ते सुमानं मला जसंच्या तसं सांगितलं: “फिटेची मुलगी आमच्या गळ्यात बांधली.” शब्द माझेच आहेत चंद्रा. फरक एवढाच, की तुझ्या बाबतीत खोटे होते आणि माझ्या मुलीच्या बाबतीत खरे आहेत.

आज सकाळी मी तिच्यापुढं बसले आणि सगळं सांगितलं. डॉक्टर, निळा दिवा, शिवयोगी काका. तुझं कार्ड वाचायला दिलं आणि कोपरा फाडलेलंही. तिनं वाचलं. मग डावा पाय पुढं केला आणि लुगड्याचा काठ वर घेतला.

“माज्या बी हायत अव्वा.”

अंगठ्याला एक, करंगळीला एक. कडा करकरीत कापलेल्या, काळ्या पडलेल्या.

“ब्लेडनं कापती. पंधराव्या वर्सापास्नं. बगायला आले तवा कापले, लग्नाआदी चार दिस पुन्ना कापले हुते, तू पायाला हळद लावत हुतीस तवा माजा जीव जात हुता. तुला सांगितलं न्हाय. तू म्हनली असतीस, कुनाला दाकवू नगं.”

हो, हेच म्हणाले असते.

मी म्हटलं, अजून बार्शीच्या लोकांना समजावता येईल, मामंजी जाऊन बोलतील, औषधपाणी आपण करू. आणि मठातलं आता काढलं तर बार्शीचं दार कायमचं बंद होईल. चंद्रा, खरं सांगते, मी अजूनही वाट शोधत होते.

सुमा म्हणाली, “दार उगडं हाय कुटं? माजं जायचं ते गेलं. वैनीचं तू घालवलंस. निंगव्वानं काय केलंय गं? तिचं तरी सोड की आता.”

मामंजी दारात उभे होते. कधी आले ते कळलं नाही. मी त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी माझ्या पायाकडे पाहिलं. उघडाच होता. ते म्हणाले, “मठात बाईमानूस कुटं बोलतंय आता पुन्ना.” आणि आत जाऊन पोस्टाच्या कार्डांचा गठ्ठा आणून माझ्यापुढं ठेवला. दुकानाचा, छापील नाव असलेला. मग टोपी घालून बाहेर गेले. त्यांच्या पाठीला एकदम पोक आलेलं दिसलं.

शिवालाही सांगितलं. शर्ट घालून बसला होता, तो त्यानं वरच्या बटणापर्यंत लावला.

जोडवं या पाकिटात चिंधीत बांधून ठेवलं आहे. तुझ्या उपयोगाचं नाही, मला कळतं. पण ते देवाचं कधीच नव्हतं. तुझं होतं.

हे माझं शेवटचं बंद पत्र. बैल गेला अन् झोपा केला, असं तू म्हणशील. म्हण.

तुझी अत्ती


(पोस्टकार्ड. वर श्री नाही. डावा कोपरा फाडलेला.)

सोलापूर, २० सप्टेंबर १९७४

मु. पो. हन्नूर येथील समस्त मंडळींस, पोस्टमनदादांनी मठापुढं मोठ्यानं वाचून दाखवावं, ही विनंती.

मी रत्नम्मा, रुद्रप्पा कोरे यांची पत्नी. गेल्या श्रावणात मठात मी चंद्रव्वाच्या घराण्यात फिट आणि कोड आहे म्हणाले. ते खोटं आहे. त्यांच्यात काही नाही. दुखणं माझ्या रक्तात आहे. माझ्या पायाच्या नखांना त्याचे कोंब आहेत, सोलापूरच्या डॉक्टरनं पाहिलेत. माझ्या काकाला ते होतं. माझ्या मुलाला आहे, मुलीला आहे, मुलीच्या मुलाला आहे. माझी नात नीलांबिका त्यानंच गेली.

चंद्रव्वा आणि निंगव्वा निर्दोष आहेत.

मृत्यूचं कार्ड आहे असं समजून ऐका, पण फाडू नका. निंगव्वाला पाहायला येतील त्यांना दाखवा. आणि मुलीचे पाय पाहायच्या आधी मुलाच्या आईला तिचा पाय पुढं करायला सांगा.